चोरीची स्कूटर, बेवारस स्कूटर

नव्वदच्या दशकात मी नवी मुंबईत कोर्टाबाहेर टाइपरायटर घेऊन बसायचो. जुईनगरला राहणारे एक साताऱ्याकडचे गृहस्थ दर तारखेला माझ्याकडून अर्ज टाइप करून घ्यायचे. त्यांची स्कूटर चोरीला गेली होती. पोलीस तक्रार घेईनात, म्हणून ते कोर्टात आले आणि कोर्टानं पोलिसांकडे तपासाचा अहवाल मागितला. प्रत्येक अहवालात एकच ओळ असायची, ‘शोध सुरू आहे.’

स्कूटर मात्र पोलीस ठाण्याच्या आवारातच उभी होती. यांनीच ती ओळखली होती.

“हवालदार म्हनत्यात, ही बेवारस सापडलीया, तुमची चोरीला गेलीया. दोन्हीच्या फाइली वेगळ्या.”

त्यांच्या बायकोचा पाय अधू होता. ती शाळेत शिकवायची आणि ते तिला त्याच गाडीवरून सोडायचे. आता ती रिक्षानं जायची आणि हे रोज सकाळी पोलीस ठाण्यात जाऊन गाडी पुसायचे, चाकांत हवा भरायचे. शिपाई त्यांना चहाही द्यायचे.

एका तारखेला मीही आत गेलो. नव्या मॅजिस्ट्रेटबाईंनी अर्ज शेवटच्या ओळीपर्यंत वाचला.

“गाडी आत्ता कुठे आहे?”

“ठाण्यात हाय, मॅडम.”

बाईंनी तपास अधिकाऱ्याकडे पाहिलं.

“तपास योग्य दिशेनं चालला आहे, मॅडम,” तो गंभीरपणे म्हणाला.

“संध्याकाळच्या आत गाडी यांच्या ताब्यात द्या.”

बाहेर येऊन ते माझ्या स्टुलावर बसले. मी अभिनंदन केलं, तर डोळे पुसत म्हणाले, “गाडी तर रोज दिसत व्हती. माझा अर्ज कुनी वाचताना आज पयल्यांदा बघितलं.”