बिंदूअण्णांची वामकुक्षी

बिंदूअण्णांना मी पहिल्यांदा पाहिलं ते घोरताना. तेही कुठं, तर कामगार खात्याच्या कचेरीत, भर दुपारी, जिच्यावर माझी नोकरी टांगलेली होती त्या बैठकीत!

मी तेव्हा बसखात्यात नवी कंडक्टर, प्रोबेशनवर. पगारवाढीवरून युनियनचं आणि खात्याचं इतकं फाटलं होतं की दुसऱ्या दिवशी पहाटेपासून बस बंद. संप झाला की प्रोबेशनवरच्यांना आधी घरी धाडतात, हे सगळ्यांना ठाऊक. "बायकांच्या बाजूनं कुणीतरी पाहिजे," म्हणून युनियनचे पुढारी मल्लप्पा मला विद्यानगरच्या त्या कचेरीत घेऊन गेले. दोघांत समेट घडवायला सरकारनं नेमलेले अधिकारी म्हणजे हे धारवाडचे बिंदूअण्णा.

सकाळभर मल्लप्पा आणि खात्याचे पाटीलसाहेब एकमेकांवर ओरडत होते. मल्लप्पांना वाढ वर्षाच्या सुरुवातीपासून हवी, मागची थकबाकीही एकरकमी. साहेब म्हणत, तिजोरीत खडखडाट आहे. अण्णा मध्ये बसून निवांत पान जुळवत होते. जेवणाच्या वेळी त्यांनी घरचा भलामोठा डबा उघडला, सगळ्यांना भाकरी, शेंगांची चटणी आणि घट्ट दही वाढलं. मग शिपायाकडून जमखाना अंथरून घेतला, पडदे ओढले आणि म्हणाले, "सुम्न मलकोरी! गप पडा जरा. उभ्या माणसाला नुसतं 'नाही' म्हणायला येतं."

मला रडूच फुटायचं बाकी होतं. इथं माझ्या पोटावर पाय येतोय आणि हा बाबा झोपा म्हणतो! पण मोठं माणूस, बोलणार कोण? साहेब बूट काढून आडवे झाले, शेजारी मल्लप्पा. मी दाराशी भिंतीला डोकं टेकलं. पंखा संथ फिरत होता, पडद्याच्या फटीतला उन्हाचा पट्टा जमखान्यावरून हळूहळू सरकत होता. माझेही डोळे जड झाले. मी अळणावरला जाणाऱ्या बसमध्ये आहे, बाहेर भाताची खाचरं मागं पळताहेत आणि कुणी तिकीटच मागत नाही, असं काहीतरी दिसू लागलं.

तेवढ्यात साहेबांचा आवाज आला, छताशी बोलल्यासारखा. "एकरकमी कुठनं आणू रे? दोन हप्त्यांत जमेल. पण मी तसं म्हटलं तर वरचे म्हणतील, पाटील वाकला."

मग मल्लप्पाही छतालाच म्हणाले, "वाढ सुरुवातीपासून लागली तर पैसे दोनदा आले तरी चालतंय. पण मी म्हटलं तर पोरं म्हणतील, मल्लप्पा विकला गेला."

अण्णा आपले घोरतच होते.

मग उठले, तोंडावर पाणी मारलं, चहा मागवला. म्हणाले, "काय विचित्र स्वप्न पडलं बघा. वाढ सुरुवातीपासून लागलीय, पैसे दोन हप्त्यांत येताहेत, संपाची नोटीस मागं घेतलीय, आणि ही पोरगी बसमध्ये शिट्टी फुंकतेय."

साहेबांनी मल्लप्पांकडं पाहिलं. "अण्णांचं स्वप्नच आहे, तर लिहून बघायला काय हरकत?"

"हौद्री, होय की," मल्लप्पा म्हणाले.

संध्याकाळी सह्या झाल्या. मी कचेरीच्या पायरीवर बसून चक्क रडले.

पुढं अण्णांशी घरोबाच झाला. ते सांगत, "डोळ्यात डोळे घातले की माणूस हट्टाला पेटतो. छताशी कुणाचं वैर नसतं गं." एकदा मी म्हटलं, "अण्णा, त्या दिवशी घोरायचं सोंग काय झकास केलंत!" तर भडकलेच. "सोंग? मला खरंच झोप लागली होती."

"मग ते स्वप्न?"

"पडलं ते सांगितलं!"

आतून त्यांची बायको म्हणाली, "ह्यांचं कुठलं खरं धरतेस, बाई!" खरं काय ते मला अजून ठाऊक नाही.

गेल्या उन्हाळ्यात अण्णा अंथरुणाला खिळले, माणसं ओळखेनात. मी ड्यूटीवरून तशीच खाकीत धारवाडला गेले. त्यांनी माझ्या कपड्यांकडं खूप वेळ पाहिलं.

"संप झाला?"

"नाही अण्णा. मिटलं."

"कोण वाकलं?"

"कुणीच नाही."

"मग मिटलं खरं," ते म्हणाले. "दमलीस. पड जरा तूही."

मी तिकिटाचं मशीन बाजूला ठेवलं आणि त्यांच्या खाटेशेजारी जमखान्यावर आडवी झाले. वर पंखा, शेजारी त्यांचं घोरणं. माझा डोळा लागला.

जाग आली तेव्हा घोरणं थांबलं होतं. मी लगेच उठले नाही. वाटलं, आता अण्णा उठतील, तोंडावर पाणी मारतील आणि काय स्वप्न पडलं ते सांगतील.