गाऱ्हाण्यानंतरची पेज

आम्ही शेवटचं एकत्र केलं ते म्हणजे पेज जेवलो. देवबागात माझ्या पडवीत बसून त्या बाई डाव्या हाताचं बोट पुस्तकात अडकवून उजव्या हाताने जेवत होत्या. माझी खोली भाड्याने घेऊन त्या नीती, देव, राजकारण, नागरिक असल्या गोष्टींवर लिहीत. नाव मी विचारलं नाही. पाहुण्यांची नावं माझी बायको विचारायची, आणि ती गणपतीनंतर गेली.

त्या दिवशी देवळात गाऱ्हाणं झालं होतं. गावकार देवाकडे मागणं मागतो आणि आम्ही सगळे एका सुरात "व्हय म्हाराजा" म्हणतो. बाईंनी विचारलं, "कुणीच नाही म्हणत नाही?"

"देवाक नाय कोण म्हणतलो?"

"आणि ग्रामसभेत?"

"थंय पण व्हयच. जन्माची सवय."

दुसऱ्या दिवशी सभा होती. मसणाची वाट एका हॉटेलवाल्याला कुंपणात घेऊ द्यायची, असा ठराव येणार होता. त्याच वाटेने मी बायकोला पोचवली होती. हे मी पेज ढवळत सांगितलं.

बाईंनी पुस्तकातून बोट काढलं. असं त्या कधी करत नसत. म्हणाल्या, "आजोबा, देवाला हो म्हणा. सरपंच देव नाही."

"ह्यां पुस्तकात लिवलात काय?"

"लिहिलंय. पण फार पानं लागली."

पहाटेच्या एसटीने त्या गेल्या. मी धुतलेला सदरा घालून सभेला गेलो. सरपंचाने ठराव वाचला आणि "मंजूर?" असं विचारलं. सगळे व्हय म्हणाले. मी उभा राहिलो आणि म्हटलं, "नाय. माका त्याच वाटेन जावचा आसा."