जाहिरातीखालची धून

श्रावणातल्या एका मंगळवारी माझा भाऊ पऱ्हाटीवर, म्हणजे कपाशीवर, फवारणी करताना पडला. बुलढाण्याच्या दवाखान्यात पोहोचेपर्यंत तो गेला होता.

तिसऱ्या दिवशी मलकापूरचा कृषी केंद्रवाला सांत्वनाला आला. ओट्यावर बसून म्हणाला, "मी सांगतलं होतं त्याले, तोंडाले रुमाल बांध म्हणून. ऐकलं नाही." त्यानं असं काही सांगितलं नव्हतं. "दोन्ही औषधं एकातच मिसळ, अळी लवकर मरते," एवढंच तो काउंटरमागून बोलला होता. मी तेव्हा दादाच्या शेजारी उभा होतो. ओट्यावर मी त्याच्या हातात चहाची कपबशी दिली आणि गप्प बसलो. त्या गप्प बसण्याचा सूड मला त्याच्यावरच घ्यायचा होता.

बीटी कपाशीचं बियाणं नवीन आलं तेव्हा ह्याच दुकानदाराची जाहिरात दादानं केली होती. गावात माइकवर बोलायचं काम त्याचंच. कॉलेजपासून त्याच्यापाशी एक विलायती कॅसेट होती, सगळी गाणी सिंथेसायझरवर वाजवलेली. एका टेपवर ती लावून, दुसऱ्या टेपवर मुद्रण करत तो बोलला.

"हे टुंगटुंग काय लावलं बे?" दुकानदार म्हणाला. "शेतकऱ्याले समजन का?"

"बियाणं तरी कुठं समजते त्याले? घेतेच ना."

दोघंही हसले. मग जीपच्या भोंग्यावरून तो आवाज गावोगाव फिरला: अळीची चिंता सोडा, फवारणीचा पंप माळ्यावर टाका. दोन-चार हंगाम ते खरंही ठरलं, मग अळी परत आली.

मागच्या वर्षी मी त्या विलायती कॅसेटवरचा अल्बम लॉसलेसमध्ये घेतला, म्हणजे मूळ मुद्रणातलं काहीही न गाळलेला. वायरचे हेडफोन आणले. शाळेचं वाचनालय बंद करून आलो की दुपारी ऐकत बसायचो. कॅसेटवर जिथं नुसती खरखर होती, तिथं गाणारी बाई श्वास घेते हे मला कळलं. पण पहिल्या गाण्यात ठेका सुरू झाला की माझ्या डोक्यात जाहिरात सुरू व्हायची. दुकानदारानं ती धूनही घेतली होती. ती मला परत हवी होती.

अशातच तो स्वतः आला. दुकानाला पंचवीस वर्षं झाली होती, कार्यक्रम होता.

"सर, ते जुनी जाहिरात असन ना तुमच्यापाशी? लोकायले मजा येईन. भावाचा आवाजही ऐकाले भेटन."

मी हो म्हणालो. जाहिरातीची ती एकुलती एक कॅसेट होती, तिची प्रत काढून ठेवली नाही. ती ऐकणंच मी इतकी वर्षं टाळलं होतं.

मांडवात कॅसेट लागली. पंप माळ्यावर टाका, असं दादा म्हणाला तेव्हा पुढचे काहीजण हसले. आवाज ओळखणारे हसले नाहीत. मी माइक घेतला. "हा आवाज ज्याचा आहे तो फवारताना मेला. दोन औषधं मिसळायला ह्यांनी सांगितलं. रुमालाचं सांगितलं नाही. मी तिथं होतो."

दुकानदार धावत टेपपाशी गेला. बटण न दाबता त्यानं झाकण उघडून कॅसेट ओढली. फीत आत अडकली होती. ती ताणून वेडीवाकडी झाली आणि जागोजागी तुटली.

मी माफी मागितली नाही, त्यानंही नाही. त्याचं दुकान चालू आहे. माझ्या फोनमध्ये अल्बम आहे, पूर्ण आणि स्वच्छ. दादाच्या आवाजाचं मुद्रण आता कुठंही नाही.