गोठलेल्या तळ्यावरची पैज

गेल्या हिवाळ्यात आई पारनेरहून महिनाभर आमच्याकडे नगरला राहायला आली होती. एका दुपारी मी लॅपटॉपवर एक जुना जर्मन मूकपट लावला.

"आवाज गेलाय का गं ह्याचा?" आईने विचारलं.

मधेमधे येणाऱ्या पाट्या जर्मन भाषेत होत्या, म्हणून शेजारच्या काकांना बोलावलं. ते एमआयडीसीतल्या कारखान्यात फिटर होते. मशीन शिकायला तीन महिने जर्मनीला जाऊन आलेले. त्यांची जर्मन नटबोल्टांपुरतीच, पण उत्साह दांडगा.

गोष्ट साधी होती. जेवता जेवता दोन मित्रांची पैज लागते. बर्फ वितळायला लागलेलं तळं एकाने चालत ओलांडायचं. त्याने पणाला लावलं राहतं घर. बायकोला पत्ताच नाही.

"पान्यावरून चालतोय?" आई पुढे सरकून बसली. "भाऊजी, खरंच एवढं गोठतं?"

"वहिनी, मी स्वतः उभा राहिलोय. पण थंडी सरताना नाही."

माणूस तळ्याच्या मध्यावर पोचला. पायाखाली तडा गेला. तेवढ्यात एक पाटी आली आणि पडदा काळा झाला. काकांनी पाटीतला एकच शब्द ओळखला.

"हरला," ते म्हणाले.

"मंजी बुडला?"

आईला त्या दिवशी जेवण गेलं नाही. "तिचं घर गेलं, आन् तिला कुनी इचारलं पन न्हाई," एवढंच ती दोनदा म्हणाली.

दुसऱ्या दिवशी सकाळीच काका जुनी, खिशात मावणारी डिक्शनरी घेऊन दारात उभे. चेहरा ओशाळलेला.

"वहिनी, चुकलो. त्या शब्दाचे दोन अर्थ आहेत. माणूस हरला असं नाही, पुढचा सिनेमा हरवलाय. 'उरलेला भाग हरवला आहे', असं लिहिलंय पाटीवर."

"मग पोचला आसंल की!" आई एकदम खुलली.

"त्या बर्फावरून? शक्यच नाही."

दोघांचं जुंपलं. शेवटी मी इंटरनेटवर जर्मनीतल्या एका चित्रपट संग्रहालयाचा पत्ता शोधला आणि काकांनी चार ओळी जर्मनमध्ये लिहिल्या. बारा दिवसांनी उत्तर आलं. काकांनी ते उभ्यानेच वाचलं.

"काय म्हनत्यात?" आईने विचारलं.

"त्यांनाही शेवट माहीत नाही. आपल्याला सापडला तर कळवा म्हणतात."

आई हसली. मग म्हणाली, "त्याच्या बायकोचं नाव काय हुतं, ते तरी इचारा."