बारा दसऱ्यांची मार्कशीट

आमच्या सावेडीतल्या सोसायटीत मला ‘स्कॅनवाल्या बाई’ म्हणतात आणि मला ते मनापासून आवडतं. तशी मी शाळेत शिकवते. पण कुणाला मुलाच्या दाखल्याचा, कुणाला वीजबिलाचा स्कॅन हवा असला की लोक दोन जिने चढून माझ्याकडे येतात. कागदावर मोबाईल धरायचा, निळी रेघ चारही कोपऱ्यांना चिकटली की श्वास रोखायचा आणि बटण दाबायचं. चुरगळलेला, चहा सांडलेला कागद इस्त्री केल्यासारखा होऊन स्क्रीनवर येतो. इतकी वर्षं झाली, तरी दर वेळी मला ‘अरे वा!’ म्हणावंसं वाटतं. कधीकधी म्हणतेही.

त्यामुळे त्या शनिवारी दुपारी वहिनीचा फोन आला तेव्हा मी जरा तोऱ्यातच होते. वहिनी म्हणजे माझ्या थोरल्या भावाची बायको. श्रीगोंद्याच्या वाटेवरच्या आमच्या गावात सासू, नवरा, दोन मुलं आणि चार म्हशी सांभाळणारी. लग्नाला बारा वर्षं झाली. त्या वर्षी मुलं मोठी झाली म्हणून तिनं नर्सिंगच्या कोर्सला अर्ज भरला होता. भाऊ ‘भर’ म्हणाला होता. आई मात्र ‘आता ह्या वयात शाळा?’ एवढंच म्हणाली आणि नंतर त्यावर एक शब्द बोलली नव्हती. आई बोलत नाही तेव्हा जास्त धास्ती वाटते.

“ताई, बारावीची मार्कशीट नापास केली त्यांनी,” वहिनी म्हणाली. “अस्पष्ट हाय म्हनत्यात. आज पाचच्या आत नवी टाकली न्हाई तर अर्जच बाद.”

“एवढंच ना? फोटो काढून पाठव, मी करते साफ.”

फोटो आला. मार्कशीट होती, पण खाली उजवीकडे, जिथे एकूण गुण आणि टक्के असतात, नेमका तिथेच काळपट गोळा. मी फोन लावला. “अगं, अंगठा काढ की मध्ये आलेला!”

“अंगठा न्हाई ताई त्यो.”

“मग काय आहे?”

मागून आईच्या भांडी लावण्याचा आवाज येत होता. “तुमीच या ना,” वहिनी हळू म्हणाली.

सव्वाएक वाजला होता. भाऊ ऊस घेऊन कारखान्यावर गेलेला, तो संध्याकाळशिवाय येत नाही. मी जेवणाचं ताट तसंच झाकलं, मोबाईल शंभर टक्के चार्ज आहे ना ते पाहिलं आणि स्कूटर काढली. रस्त्यात उसाच्या ट्रॉल्यांनी जीव नको केला. एकेकीच्या मागे पंधरा पंधरा मिनिटं. हॉर्न वाजवून माझा अंगठा दुखायला लागला. पण खोटं कशाला बोलू, मला मजाही येत होती. कुणाचं तरी घोडं अडलंय आणि ते सोडवायला मी निघालेय, असं रोज कुठे होतं?

पोचले तेव्हा तीन वाजत आले होते. वहिनीनं मार्कशीट माझ्या हातात ठेवली आणि मला तो गोळा समजला. कुंकू! खाली हळद, वर कुंकू, त्याच्यावर पुन्हा हळद. पापुद्रे धरलेले.

आमच्याकडे दसऱ्याला विळे, कोयते, ट्रॅक्टर यांच्याबरोबर घरातल्या कागदांचीही पूजा होते. आई पत्र्याची पेटी उघडते, जमिनीचे उतारे, मुलांचे दाखले असं सगळं पाटावर मांडते आणि प्रत्येक कागदाला हळदकुंकू लावते. हे मी जन्मापासून बघत आलेय. माझ्याही प्रमाणपत्रांना ती लावायची, पण मी ती लग्नात बरोबर घेऊन गेले म्हणून वाचले. वहिनीची मार्कशीट मात्र लग्नापासून त्याच पेटीत होती. आईला वाचता येत नाही. कागदावर ठळक काही दिसलं की तीच मानाची जागा, असा तिचा हिशोब. मार्कशीटवर सगळ्यात ठळक छापलेले असतात ते एकूण गुण. बारा दसरे, बारा वेळा, नेमकं तिथेच बोट!

“आई!” मी ओरडलेच. “अगं, हे काय करून ठेवलंस? हिचं वर्ष जाईल ना!”

आई हात पुसत बाहेर आली. कागद बघितला, माझ्याकडे बघितलं. “कागदाचीबी पूजा करू न्हाई व्हय?” एवढंच म्हणाली आणि दाराच्या चौकटीला टेकून उभी राहिली. तिचा चेहरा पडला. मला लगेच वाईट वाटलं, पण वाईट वाटून घ्यायला वेळ नव्हता.

मी कामाला लागले. कागद फरशीवर ठेवला. आमची फरशी पांढरी आणि कागदही पांढरा. मोबाईलला कोपरे सापडेनात. निळी रेघ कधी फरशीच्या सांध्याला चिकटे, कधी माझ्या पायाच्या बोटांना. ओट्यावर उन्हात नेला, तर माझ्याच डोक्याची सावली मधोमध. मी वाकले, बसले, शेवटी पोटावर झोपून पाहिलं. वहिनी हसू दाबत होती. मी तिला म्हटलं, “हस, हस. पाच वाजले की दोघी मिळून रडू.”

तेवढ्यात आई आत गेली आणि काळी घोंगडी घेऊन आली. तिनं ती ओट्याच्या सावलीत अंथरली. “काळ्यावर पांढरं दिसतंय,” म्हणाली. मी कागद ठेवला, मोबाईल धरला आणि निळी रेघ टपकन चारही कोपऱ्यांवर जाऊन बसली! मी टाळीच वाजवली. सोसायटीतले शेकडो कागद मी आजवर कशाकशावर ठेवले, पण घोंगडी काही मला सुचली नव्हती.

पण गोळा तसाच. मी नखानं खरवडायला गेले तर आईनं माझा हात धरला. “फाडशील. नाजूक हाताचं काम हाय.” तिनं देव्हाऱ्यातली कापसाची एक कोरडी वात आणली आणि खाली बसली. ज्या बोटानं लावलं होतं त्याच बोटानं ती एकेक पापुद्रा उचलू लागली. फुंकर घाली, पुन्हा टिपे. आम्ही दोघी तिच्या डोक्यावर वाकून बघत होतो. वरचा थर गेला, खालचा गेला. कागदावर लालपिवळा डाग तेवढा उरला आणि त्याच्या आत बारीक आकडे दिसायला लागले.

“आता बघ!” म्हणत मी बटण दाबलं. स्क्रीनवर पुन्हा काळा गोळा.

पुन्हा काढला. काळा गोळा. उजेडात, सावलीत, जवळून, लांबून, सगळं करून झालं. डोळ्यांना आकडे दिसतायत आणि मोबाईलला दिसत नाहीत, हे काय गौडबंगाल? चार वाजून दहा मिनिटं झाली होती. मनात आलं, माझ्या शहाणपणावर विसंबून वहिनीनं दुसरं काहीच केलं नाही. तालुक्याला गेली असती तर एव्हाना काम झालं असतं.

“ताई,” वहिनी म्हणाली, “तुमी काळंपांढरं लावलंय. त्यात लाल रंग काळाच धरनार ना त्ये? काळी शाई आन लाल डाग, दोनी सारखंच. रंगीत करून बघा की.”

मी तिच्याकडे बघतच राहिले. माझा मोबाईल कायम काळ्यापांढऱ्यावर असतो, कारण त्यात कागद स्वच्छ दिसतो आणि लोक ‘वा’ म्हणतात. स्कॅनवाल्या बाईंना ही साधी गोष्ट सुचू नये! मी रंगीत केलं. श्वास रोखला. बटण दाबलं.

आले! फिकट लाल डागावर काळेभोर, स्पष्ट आकडे. मी मोठ्यानं वाचायला लागले. “एकूण गुण...” आणि पुढचं वाचून थांबले. “वहिनी, चौऱ्याऐंशी टक्के?”

“व्हय,” ती म्हणाली, जणू मी तिला गावचा पिनकोड विचारला होता.

“सायन्सला?”

“व्हय.”

आमच्या घरातली हुशार मी. शिकलेली मी, नोकरी करणारी मी. मला बारावीला एकोणसाठ टक्के पडले होते. बारा वर्षांत मी वहिनीला पुरणाचं प्रमाण विचारलं, म्हशीचं दूध विचारलं. टक्के कधीच विचारले नव्हते. मला स्वतःची लाज वाटली आणि तिचा इतका अभिमान वाटला की तो आकडा मी पुन्हा एकदा मोठ्यानं वाचला.

“ताई, साडेचार झाले,” तिनं मला हलवलं.

घरात फोन लागतो, पण नेटला रेंज नाही. आम्ही दोघी गोठ्यामागच्या हौदाकडे पळालो, पायात चप्पलसुद्धा नाही. हौदाच्या कठड्यावर चढून मी वहिनीच्या अर्जात स्कॅन टाकला आणि मोबाईल वर धरला. फाइल जायला लागली. गोल चकरी फिरतेय, फिरतेय. म्हशी आमच्याकडे बघत होत्या. वहिनीनं माझा पदर घट्ट धरला होता, मी पडू नये म्हणून की तिला स्वतःला आधार हवा म्हणून, कोण जाणे. चकरी थांबली. हिरवी खूण आली. ‘कागदपत्र स्वीकारले.’ पाचला अकरा मिनिटं कमी होती.

मी कठड्यावरून उडी मारली आणि वहिनीला मिठी मारली. ती हसत होती आणि डोळे पुसत होती. आम्ही पोरींसारख्या आरडतओरडत घराकडे आलो.

आई अजून ओट्यावर, घोंगडीपाशी बसली होती. मार्कशीट तिच्या मांडीवर.

“झालं का?”

“झालं!”

“चवऱ्याऐंशी म्हंजी लई का गं?” तिनं मला विचारलं.

“लई म्हणजे? माझ्यापेक्षा पंचवीस जास्त!”

आईनं वहिनीकडे पाहिलं. “हिच्या येळी आमी सगळ्या गावात पेढे वाटलेले. तुझ्या मायनं वाटले हुते का गं?”

“न्हाई आत्याबाई,” वहिनी म्हणाली. “निकाल लागला तवा आपल्याकडं सुपारी फुटली हुती. लग्नाची घाई. मार्क कुनी इचारलेच न्हाईत.”

आई बराच वेळ त्या डागावरून बोट फिरवत राहिली. मग तिनं कमरेचा बटवा सोडला आणि नोटा माझ्या हातात कोंबल्या.

“फाट्यावर जा. दोन किलो पेढे आन.”

“अगं आई, यादी लागू दे आधी. प्रवेश मिळाला की वाटू.”

“प्रवेशाचे न्हाई,” आई म्हणाली. “चवऱ्याऐंशीचे.”