मोतीलाल नानांचं अपील

धरणगावच्या सराफ गल्लीत आमच्या ह्यांना सगळे नाना म्हणतात. मोतीलाल विसपुते हे नाव फक्त कागदावर. मी रत्ना, त्यांची बायको, पण मी कौतुक करायला बसले आहे असं कोणी समजू नये. माणूस भारी हेकट. भाजीत मीठ जास्त टाकलं तर म्हणतील, मीठच खारट निघालं. सोन्याच्या बाबतीत मात्र हा हेकटपणा त्यांना शोभायचा. दागिना हातात घ्यायचे, कसोटीच्या दगडावर रेघ ओढायचे, तिच्यावर तेजाबाचा थेंब टाकायचे आणि खरं की खोटं ते सांगून मोकळे व्हायचे. बँकेनेही सोनेतारण कर्जासाठी पारख करायला त्यांनाच नेमलं होतं. नाना खरं म्हणाले की बँक कर्ज द्यायची.

त्यांचा एक नियम होता, माझ्या सासऱ्यांपासून चालत आलेला. शंका आली तर दागिना कानशीने घासून आतला धातू बघायचा, पण सवाशिणीच्या पोतीला, म्हणजे मंगळसूत्राला, कानस लावायची नाही. अपशकुन होतो म्हणे. हे बठ्ठ्या गावाला, लहानथोर सगळ्यांना ठाऊक होतं, आणि घात तिथेच झाला. भिकन नावाचा एक लफंगा गोड बोलून एकेका बाईला बँकेत पाठवू लागला. प्रत्येकीकडे जड पोत, वरून सोन्याचा जाड मुलामा, आत तांबं. दगडावर रेघ सोन्याचीच उठायची. नाना खरी म्हणायचे, बँक कर्ज द्यायची आणि रक्कम भिकनच्या खिशात जायची. हप्ते थकले, बँकेने त्या पोती मोडीत काढल्या, तेव्हा बिंग फुटलं.

भिकनबरोबर नानाही आरोपी झाले. एवढा जाणकार माणूस सामील असल्याशिवाय फसेल कसा, असं पोलिसांचं म्हणणं. आता अशा वेळी शहाण्या माणसाने काय करावं? मी फसलो म्हणून सांगावं. आमच्या महाराजांनी खालच्या कोर्टात छाती काढून सांगितलं की माझी नजर आजवर चुकलेली नाही, मी बघितलं तेव्हा सोनं खरंच होतं. झालं कल्याण. न्यायाधीशांनी निकालात तेच वाक्य धरलं. नजर चुकत नाही, तर ह्यांना तांबं कळलंच असणार. कळूनही खरं म्हणाले, म्हणजे कटात सामील. भिकनबरोबर ह्यांनाही तीन वर्षांची शिक्षा सुनावली. खोटं कशाला सांगू, मला त्या दिवशी न्यायाधीशांपेक्षा ह्यांचाच जास्त राग आला.

आम्ही जळगावच्या सेशन कोर्टात अपील केलं. शिक्षेला स्थगिती मिळाली आणि नाना जामिनावर घरी आले. वकील मी शोधली. सुलक्षणा बैसाणे, माझ्या माहेरची, धुळ्याला देवपुरात आमच्या घरामागे वाढलेली पोर. तिने सगळे कागद वाचले आणि अपील जिंकता येईल म्हणून ठणकावून सांगितलं. सरकारी पक्षाने साक्षीला आणलेला सोनारच कबूल करून गेला होता की एवढा जाड मुलामा दगडावर कळत नाही. म्हणजे नाना फसले असू शकतात, आणि फसणं हा गुन्हा नाही, गुन्ह्याला फसवण्याचा हेतू लागतो. अडचण एकच, नानांचं ते वाक्य. ती म्हणाली, मी कोर्टात तुमची नजर चुकली असंच सांगणार आहे. न्यायाधीशसाहेब तुम्हालाही विचारतील, तेव्हा पुन्हा छाती काढू नका.

नाना उठून आतल्या खोलीत गेले. रात्री जेवले नाहीत, सकाळीही नाही. मला कारण माहीत होतं. समोरच्या दुकानातला जितेंद्र. त्याच्याकडे घेतलेला दागिना गिऱ्हाईक आमच्याकडे खात्री करायला आणायचं, असा नानांचा रुबाब. त्या जितेंद्रच्या कानावर आपली चूक जाणं ह्यांना तुरुंगापेक्षा जड वाटत होतं. शेवटी माझं डोकं फिरलं.

"लोकांनी चोर म्हटलेलं चालतं तुम्हाला," मी म्हटलं, "आणि चुकला म्हटलेलं चालत नाही?"

वर हेही ऐकवलं की चोराची बायको म्हणूनही मी ह्या गल्लीतून ताठ मानेने फिरेन, तेवढी धमक माझ्यात आहे, पण जी चोरी तुम्ही केलीच नाही तिच्यापायी मी एकटीने घर का सांभाळायचं? त्यांनी ताट पुढे ओढलं. मी समजायचं ते समजले.

सुनावणीला आमची अर्धी गल्ली जळगावला आली होती, काळजीपोटी थोडी आणि तमाशा बघायला जास्त. जितेंद्र मागच्या बाकावर होता. सुलक्षणा अशी मुद्देसूद बोलली की मला पोरीचा अभिमान वाटला. मग साहेबांनी नानांना पुढे बोलावलं आणि विचारलं, खालच्या कोर्टात तुम्ही एक सांगितलंत, आज तुमच्या वकील दुसरं सांगतात, तुमचं म्हणणं काय? नानांची मान मागच्या बाकाकडे वळू लागली. पण ते अर्ध्यात थांबले आणि पुन्हा साहेबांकडे बघू लागले.

"साहेब, मी चुकलो," नाना म्हणाले. "पोतीला कानस लावायला पाहिजे होती, मी लावली नाही. सोनं खोटं होतं. मला ओळखता आलं नाही."

शेवटच्या माणसापर्यंत ऐकू गेलं. मी पदराने डोळे पुसले. संसारात एवढी वर्षं काढली, पण "मी चुकलो" हे त्यांच्या तोंडून पहिल्यांदाच ऐकलं.

पुढच्या महिन्यात निकाल लागला. नानांची शिक्षा रद्द झाली, ते निर्दोष सुटले, भिकनची शिक्षा कायम राहिली. आम्ही बाहेर आवारात आलो तर जितेंद्र समोर उभा. मी पदर खोचला. हा टोचून काही बोलला असता तर त्याची धडगत नव्हती. पण त्याने मान खाली घातली होती.

"नाना, तसली एक पोत तुमच्या आधी माझ्याकडे मोडीला आली होती," तो म्हणाला. "मीपण खरी समजून घेतली. आटवल्यावर कळलं. लाजेपायी कोणाला बोललो नाही."

माझ्या अंगाची आग झाली. ह्याने तेव्हा एक शब्द काढला असता तर नाना सावध झाले असते. ना खटला, ना शिक्षा, ना हे हेलपाटे. मी त्याला चांगलं फैलावर घ्यायला तोंड उघडलं, तोच नानांनी सगळ्यांदेखत माझा हात धरला.

"त्याला काही बोलू नको, रत्ना," ते म्हणाले. "मला तरी तुरुंग दिसला तेव्हाच तोंड फुटलं."