एका घरचा मसालेभात

अमेरिकेतल्या वेस्ट विंडसरच्या मराठी मंडळात सुहासिनीमावशींना विचारल्याशिवाय कुठल्याच बड्या घरातलं लग्न ठरत नसे. आयुष्यभर पेशंटना भूल देणारी ही डॉक्टरीणबाई पोरांच्या डोक्यातलं प्रेम मात्र अलगद उतरवून द्यायची. "हे बघ, आवडणं वेगळं आणि घराणं वेगळं हंऽऽ!" मान तिरकी, 'हं' लांबलचक.

आणि आता त्या स्वतःच प्रेमात पडल्या होत्या. मनोहर टेंबे, पूल बांधणारे रिटायर्ड इंजिनिअर. ते विधुर, या विधवा, मुलगा मिहीर कॅलिफोर्नियात. रोज तळ्याकाठी दोघांच्या गप्पा संपत नसत. मंडळात मात्र "नमस्कार डॉक्टर", "नमस्कार टेंबे", खलास!

दिवाळीच्या पॉटलकला प्रत्येकाने घरून काहीतरी करून आणायचं; नियम होता, एका घरचा एक पदार्थ. मनोहरराव म्हणाले, "यंदा दोघांत एकच नेऊ."

"अहो, मग सगळ्यांना कळेल!"

"म्हणून तर!"

"लोकांना काय तोंड दाखवू मी?"

"हेच. चांगलंय की!"

मावशी हसल्या, पण हो काही म्हणाल्या नाहीत.

शनिवारी मसालेभाताचा ट्रे घेऊन मावशी हॉलमध्ये शिरल्या. मागून मनोहरराव, रिकाम्या हातांनी. टेबलाशी पदार्थ मांडून घ्यायला मंडळाची आसावरी. बोलते की एअरपोर्टवर अनाउन्समेंट करते, कळत नाही. "थँक्यू सो मच, मावशी! टेंबेकाका, तुमचा पदार्थ? नो एक्सेप्शन्स हां!"

मनोहररावांनी मावशींकडे पाहिलं. मावशींनी भाताकडे.

"माझा... घरीच राहिला," ते हळूच म्हणाले. "आणतो जाऊन." आणि दाराकडे वळले.

मावशी त्या पाठीकडे बघत राहिल्या. एवढा बोलका माणूस, आणि आपल्यासाठी खोटं बोलून निघालाय.

"अहो, थांबा!" सगळा हॉल वळला. "निघालात कुठे? हाच आपला. दोघांच्या घरचा."

अध्यक्ष गिरीशकाका घसा खाकरत आले. "म्हणजे डॉक्टर, अ‍ॅक्च्युअली... आमच्या अनिकाला तर तुम्हीच म्हणालात, आवडणं वेगळं नि..."

"चुकलंच माझं. तिला आवडलेल्या त्या मुलाला घेऊन या चहाला."

"ओ माय गॉड, मावशी, आय लव्ह यू!" मागून अनिका किंचाळली.

मनोहरराव परत येऊन कानाशी कुजबुजले, "आधी तुमच्या मिहीरला फोन करा. कॅलिफोर्नियात बातमी आसावरीकडून जायला नको."

आसावरी फोन पर्समध्ये टाकत होती. तेवढ्यात मावशींचा वाजला.

"मॉम, हू इज टेंबेकाका?"

"सांगते रे. आधी बस कुठेतरी."